‘आवर्तन’ कुणाला येतं?

हडपसरला एका छोट्या वाचनालयात मी दर शनिवारी मुलांचा वाचनवर्ग घेते. पाचवी ते आठवीची वीस-बावीस मुलं असतात. निम्मी आसपासच्या टॉवरांतली, निम्मी गाडीतळाच्या मागच्या गल्ल्यांतली. या दुसऱ्या मुलांचे आईवडील दौंड, इंदापूर, सोलापूर, बीड अशा गावांहून कामासाठी आलेले. मध्यंतरी उन्हाळ्याच्या तोंडावर मी वर्तमानपत्रातली एक बातमी वाचायला दिली. खडकवासल्याच्या कालव्याला उन्हाळी आवर्तन सुटणार, अशी ती बातमी होती. वाचून झाल्यावर नेहमीच्या सवयीने विचारलं, ‘आवर्तन’ म्हणजे काय?

पहिल्या रांगेतली मुलगी म्हणाली, “अथर्वशीर्षाचं असतं ते. आम्ही गणपतीत एकवीस आवर्तनं करतो.” तबला शिकणारा एक मुलगा म्हणाला, “समेपासून परत समेवर आलं की एक आवर्तन. तीनतालाचं सोळा मात्रांचं.” मागे बसलेला, एरवी गप्प असणारा मुलगा जरा थांबून म्हणाला, “पाण्याची पाळी ना? आमच्या आज्याच्या उसाला येतं कॅनॉलचं पाणी.”

शब्द तिघांनाही येत होता. तिघांचीही उत्तरं बरोबर होती, आणि तिन्हींच्या मुळाशी पुन्हा पुन्हा फिरून येण्याचा एकच अर्थ होता. पण हाच शब्द मी चार पर्याय देऊन चाचणीत घातला असता आणि एकच उत्तर बरोबर धरलं असतं, तर दोघांच्या नावापुढे शून्य पडलं असतं. कुणाच्या, ते मी कोणता अर्थ ‘बरोबर’ ठरवला त्यावर अवलंबून. आणि माझी शंका खरी असेल, तर पुण्यातल्या बहुतेक शिक्षकांनी, माझ्यासकट, अथर्वशीर्षाचा किंवा तबल्याचा अर्थ आधी धरला असता. कालव्याचा नव्हे. खरं तर तो कालवा हडपसरमधूनच पुढे दौंड-इंदापूरकडे जातो.

मुलांना आणि भाषा शिकणाऱ्या मोठ्या माणसांना किती शब्द येतात हे मोजलं पाहिजे, असं माझं ठाम मत आहे. न मोजता शिकवणं म्हणजे अंधारात जेवण वाढणं आहे. पण मराठीत आज आपण ज्या पद्धतीने शब्दज्ञान तपासतो, त्यातून शब्द मोजले जात नाहीत, मुलाचं घर मोजलं जातं. ही पद्धत बदलायला हवी, आणि ती बदलण्याची सोय पुण्याइतकी दुसऱ्या कुठल्या गावात नाही.

आधी मोजायचं कशाला, ते सांगते. मूल अडखळत वाचायला लागलं की आपण म्हणतो, याला वाचनाची गोडी नाही. पुष्कळदा गोडीचा प्रश्नच नसतो. पानावरचे शब्दच अंगावर येत असतात. पॉल नेशन हे न्यूझीलंडमधले भाषाशास्त्रज्ञ. शब्दज्ञानाच्या मोजणीत ज्यांचं नाव सगळ्यात आधी घेतलं जातं अशांपैकी ते एक. त्यांनी २००० साली एका सहकारी संशोधकाबरोबर इंग्रजी शिकणाऱ्या विद्यार्थ्यांवर एक प्रयोग केला. गोष्ट एकच, पण तिच्यातल्या अनोळखी शब्दांचं प्रमाण कमीजास्त केलेलं. शंभरातले ऐंशीच शब्द ओळखीचे होते तेव्हा एकालाही गोष्ट नीट समजली नाही. कुणाच्या मदतीशिवाय वाचायचं, तर साधारण अठ्ठ्याण्णव टक्के शब्द ओळखीचे हवेत, असा त्यांचा निष्कर्ष निघाला. म्हणजे पन्नास शब्दांत एक अनोळखी चालतो.

हे पानावर मांडून बघा. एका पानावर तीनशे शब्द धरले, तर अठ्ठ्याण्णव टक्क्यांना सहा शब्द अडतात. संदर्भाने लागतात तेवढे. पंच्याण्णव टक्क्यांना पंधरा अडतात, आणि तिथे शेजारी कुणीतरी बसावं लागतं. ऐंशी टक्क्यांना साठ. साठ शब्द अडलेलं पान वाचणाऱ्या मुलाला ‘शंभरातले ऐंशी शब्द तर येतात की तुला’ असं सांगण्यात काय अर्थ आहे? त्याच्या दृष्टीने ते पान बंद दार आहे. आकडे इंग्रजीचे आहेत, मराठीचे नेमके किती निघतील ते मराठीतच तपासायला हवं. पण दर पाचव्या शब्दाला ठेच लागली की गोष्ट हातातून सुटते, हे कुठल्याही वर्गात डोळ्यांनी दिसतं.

‘असर’ या देशव्यापी शैक्षणिक पाहणीत गेली वीस वर्षं गावोगावची मुलं वाचतात किती, ते बघितलं जातं. अक्षरं, शब्द, पहिलीच्या पातळीचा परिच्छेद, दुसरीच्या पातळीची गोष्ट, असे चार टप्पे. मूल मोठ्याने वाचतं आणि तपासणारा ऐकतो. साधी, कुणालाही करता येईल अशी ही पद्धत आहे, आणि तिने देशाचे डोळे उघडले. पण ती वाचता येतं का, एवढंच विचारते. तिचं काम तेवढंच आहे. देवनागरी एकदा हाती लागली की मूल ‘निकष’, ‘अपवाद’, ‘परिणामी’ खणखणीत वाचून दाखवतं. वाचलेलं कळलं का, हा पुढचा प्रश्न. तो शाळेने विचारायचा असतो.

शाळा तो कसा विचारते? जूनमध्ये अप्पा बळवंत चौकात जा. गाइडांच्या थप्प्या लागलेल्या असतात. कुठलंही उघडा. समानार्थी शब्द, विरुद्धार्थी शब्द, समूहदर्शक शब्द, प्राण्यांची घरं, प्राण्यांचे आवाज, म्हणी, वाक्प्रचार. शिष्यवृत्तीची तयारी करणारी मुलं हे महिनोन्महिने घोकतात. काजूंची गाथण, केळ्यांचा लोंगर, भाकऱ्यांची चवड, करवंदांची जाळी. शब्द सुंदर आहेत, त्यांच्याबद्दल माझी काही तक्रार नाही. भाकऱ्यांची चवड ज्याने पाहिली आहे त्याला तो शब्द शिकवावा लागत नाही. पण काजूची गाथण पुण्यातल्या मुलाने आयुष्यात पाहिलेली नसते, पुढे कुठल्या पुस्तकात तो शब्द त्याला भेटेलच असंही नाही, आणि तरी तो परीक्षेत येतो. का येतो? कारण गेल्या वर्षीच्या गाइडात होता.

उलट सहावीपासून इतिहास-भूगोल-विज्ञानाच्या पानापानावर जे शब्द येतात, त्यांची चौकशी कुणीच करत नाही. ‘तुलनेने’, ‘अनुक्रमे’, ‘संबंधित’, ‘प्रमाण’, ‘घटक’, ‘स्वरूप’, ‘यांव्यतिरिक्त’. हे शब्द कुठल्याच धड्याखाली शब्दार्थात दिलेले नसतात. लेखकाला ते कठीण वाटत नाहीत, शिक्षकाला वाटत नाहीत, आणि मुलगा मात्र त्यांच्यावरच अडतो. इंग्रजीत याच जातीच्या शब्दांची एक यादी २००० साली एव्हरिल कॉक्सहेड यांनी केली. उच्च शिक्षणाच्या पुस्तकांत विषय कोणताही असो, पुन्हा पुन्हा लागणारी ५७० शब्दकुळं, म्हणजे एकाच मुळातून फुटलेल्या शब्दांचे गट. मराठी शाळेतल्या बाईंच्या टेबलावर अशी यादी नसते. माझ्या वर्गातल्या सातवीच्या एका हुशार मुलीने ‘अनुक्रमे’ शब्दाचा अर्थ ‘अनुक्रमणिकेत बघा’ असा लावला होता. पुणे, नागपूर आणि मुंबई यांची लोकसंख्या अनुक्रमे इतकी, इतकी आणि इतकी, या वाक्यात तिच्या लेखी कुणीतरी तिला पुस्तकाच्या पहिल्या पानावर पाठवत होतं. भूगोलात तिचे गुण का जात होते, ते त्या दिवशी कळलं. तिच्या भूगोलाच्या बाईंना ते तोवर कळलेलं नव्हतं, आणि त्यात त्यांचा दोष नाही. त्यांच्या हाती बघायचं साधनच नव्हतं.

शब्द मोजण्याच्या शास्त्राचा एक धागा आपल्याच उपखंडात आहे. मायकेल वेस्ट हे इंग्रज शिक्षक ढाक्याला शिक्षकांच्या प्रशिक्षण महाविद्यालयाचे प्राचार्य होते. १९२०च्या दशकात बंगाली मुलांना इंग्रजी वाचताना बघून त्यांच्या लक्षात आलं की पुस्तकं नव्या शब्दांनी ठासून भरलेली आहेत. त्यांनी पुस्तकं नव्याने लिहिली. नवे शब्द कमी केले, दोन नव्या शब्दांमधलं अंतर वाढवलं. पुढे १९५३ साली त्यांची सुमारे दोन हजार शब्दांची प्रसिद्ध यादी आली. त्यांनी मुलांना नापास ठरवलं नाही, पुस्तकं तपासली. मला यातलं हेच फार मोलाचं वाटतं.

मोजणीत पहिली अडचण येते ती एककाची. शब्द म्हणजे काय? विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात अमेरिकेत जाडजूड शब्दकोशातून ठरावीक अंतराने शब्द उचलून महाविद्यालयीन मुलांना विचारले गेले, आणि सरासरी दीड लाखाच्या वर शब्द येतात असा आकडा आला. कोश जितका जाड, तितकी माणसं विद्वान! शिवाय कोशात नेहमीच्या शब्दांनी जास्त जागा अडवलेली असते, म्हणून उचललेल्या नमुन्यात तेच जास्त येतात आणि आकडा आणखी फुगतो. १९९० साली नेशन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी काळजीपूर्वक मोजलं, तेव्हा सुशिक्षित इंग्रजीभाषकांचा आकडा सुमारे सतरा हजार शब्दकुळांवर आला. २०१६ साली बेल्जियममधल्या गेंट विद्यापीठातल्या संशोधकांनी अंदाज मांडला की अमेरिकेतला वीस वर्षांचा सर्वसाधारण माणूस ४२,००० शब्द जाणतो. पण एकाच मुळातून फुटलेले शब्द एकत्र बांधले, तर तोच आकडा ११,१०० होतो. माणूस तोच, डोकं तेच. मोजणाऱ्याने गाठ कुठे मारली, एवढाच फरक.

मराठीत ही गाठ मारणं आणखी अवघड आहे. ‘घर’ येणाऱ्याला ‘घराला’, ‘घरातून’, ‘घरासमोरच्यांनासुद्धा’ हे वेगळे शब्द मोजायचे का? मराठी घरात वाढलेल्या मुलासाठी मुळीच नको. पण तमिळ घरातून आलेल्या माणसाला ‘माणूस’ माहीत असून ‘माणसाला’ ओळखू येत नाही. ‘पाऊस’ कळतो, ‘पावसात’ कळत नाही. सामान्यरूपात शब्दाचा चेहराच बदलतो. त्याच्यासाठी ते वेगळं शिक्षण आहे, आणि त्याची चाचणी वेगळीच करावी लागेल. एकच चाचणी दोघांना देऊन आकड्यांची तुलना करणं चूक.

त्याहून खोल गोष्ट म्हणजे मराठीतले दोन मजले. घरात ‘हात’, पुस्तकात ‘हस्त’. घरात ‘पाणी’, पुस्तकात ‘जल’. घरात ‘आग’, रस्त्यावरून घंटा वाजवत जाणाऱ्या गाडीवर ‘अग्निशमन’. खालच्या मजल्यावर मूल सहज वावरतं. वरच्या मजल्याचा जिना काही घरांत आधीपासून असतो. स्तोत्रं, आजोबांची व्याख्यानं, घरात येणारी मासिकं. काही घरांत तो नसतो, आणि शाळेने तो बांधायचा असतो. ‘हस्त’ म्हणजे हात, एवढी एक किल्ली दिली की हस्ताक्षर, हस्तकला, हस्तलिखित, हस्तांतर, हस्तक्षेप ही पाच दारं किलकिली होतात. तेव्हा मुलाला किती शब्द येतात, याच्याइतकंच किती किल्ल्या येतात हे मोजायला हवं. ‘जलसंपदा’ हा शब्द आधी भेटला नसेल, पण ‘जलाशय’ माहीत आहे आणि ‘संपत्ती’ माहीत आहे, तर त्याला अर्थ जुळवता येतो का? ही चाचणी मुलाच्या घराबद्दल कमी आणि शाळेने काय दिलं याबद्दल जास्त सांगेल.

आता माझ्या हातून घडलेली एक चूक. शब्दज्ञान मोजायची एक झटपट पद्धत आहे. शब्दांची यादी द्यायची आणि ‘येतो’ किंवा ‘येत नाही’ एवढीच खूण करायला सांगायची. खोटं बोलणाऱ्याला पकडायला यादीत काही बनावट शब्द पेरायचे. १९८०च्या दशकात पॉल मिअरा यांनी इंग्रजी शिकणाऱ्यांसाठी ही पद्धत रूढ केली. २०१२ साली निघालेल्या अशाच एका गाजलेल्या चाचणीत साठ शब्द आहेत, चाळीस खरे आणि वीस बनावट. पाच मिनिटांत काम होतं, म्हणून मी मराठीत तशी यादी केली. ‘गोडवा’, ‘ओलावा’ यांच्या चालीवर मी एक बनावट शब्द बनवला, ‘निडवा’. शब्दकोश उघडून बघितला नाही. मला तो माहीत नव्हता, म्हणून तो नाहीच असं मी धरून चालले.

त्याच मागच्या बाकावरच्या मुलाने ‘निडवा’पुढे ‘येतो’ अशी खूण केली. मी त्याचे गुण कापले, आणि वर्गासमोर म्हटलं की न येणारे शब्द येतात असं लिहू नये. तो काही बोलला नाही. वर्ग सुटल्यावर चपला घालता घालता म्हणाला, “मॅडम, लावणीचा ऊस तुटला की बुडख्यातून फुटतो तो खोडवा. खोडवा तुटला की परत फुटतो तो निडवा. आमच्यात आहे औंदा.”

पुणे जिल्ह्यातल्या निम्म्या तालुक्यांत रोज बोलला जाणारा शब्द मी बनावट ठरवला होता, आणि तो जाणणाऱ्या मुलाला खोटारडा. पुढच्या शनिवारी मी वर्गासमोर त्याची माफी मागितली आणि त्याला फळ्यावर लावण, खोडवा, निडवा लिहून समजावायला सांगितलं. त्याचं लिहून झाल्यावर मुलांनी प्रश्न विचारले. तिसऱ्या वेळी ऊस बारीक का येतो, मग नवी लावण कधी करायची. पण माझ्या चाचणीचा विचार केला की अजून अस्वस्थ होते. वर्गात ते मूल बोललं म्हणून चूक कळली. कागदावर हजार मुलांची चाचणी घेतली असती, तर उसाच्या पट्ट्यातली सगळी मुलं ‘अंदाजपंचे खुणा करणारी’ म्हणून नोंदली गेली असती, आणि त्यावर कुणीतरी अहवालही लिहिला असता.

मोठ्यांच्या वर्गात हीच पद्धत उलट्या बाजूने फसते. संध्याकाळी मी परप्रांतांतून आलेल्या नोकरदारांना मराठी शिकवते. हिंदी येणाऱ्या माणसाला मराठी शब्दांची यादी दिली की तो भराभर खुणा करत सुटतो. ‘शिक्षा’, येतो. ‘चेष्टा’, येतो. ‘यातायात’, ‘खाली’, ‘राग’, सगळे येतात. लखनौच्या एका विद्यार्थ्याने ‘चोराला शिक्षा झाली’ हे वाक्य वाचलं आणि तुरुंगात चोरांना शिकवतात हे ऐकून त्याला मनापासून आनंद झाला. त्याला ‘अनिवार्य’ कळतं, ‘पुरे’ कळत नाही. ‘स्वच्छता’ कळते, ‘केर’ कळत नाही. अग्रलेख त्याला बराचसा लागतो आणि कामवाल्या मावशींचं एक वाक्य लागत नाही. तत्सम शब्दांची चाचणी दिली, तर हा तीन महिन्यांचा विद्यार्थी गाडीतळाच्या मुलाच्या पुढे जाईल. ज्या मोजमापात ऊसतोडीच्या घरातल्या, जन्मापासून मराठी बोलणाऱ्या मुलाचं मराठी कच्चं ठरतं, ते मोजमाप मी मान्य करणार नाही.

शिवाय शब्द ‘येणं’ ही एकच अवस्था नसते. मराठीत आपण माणसांच्या बाबतीत किती बारीक फरक करतो! कानावर नाव आहे, तोंडओळख आहे, चांगली ओळख आहे, घरोबा आहे. शब्दांचंही तसंच असतं. एडगर डेल या अमेरिकन शिक्षणतज्ज्ञाने १९६५ साली जवळपास याच चार पायऱ्या मांडल्या होत्या. कधी ऐकलाच नाही. ऐकलाय, पण अर्थ माहीत नाही. वाक्यात आला तर अंदाज येतो. नीट माहीत आहे. चार पर्यायांतला एक निवडायच्या चाचणीला तोंडओळख पुरते. त्यातही काहीच न येणाऱ्याचे शंभरातले पंचवीस निव्वळ नशिबाने बरोबर येतात. ‘घरोबा’ तपासायचा तर शब्द वापरायला द्यावा लागतो, त्याच्या आजूबाजूचे शब्द विचारावे लागतात. ‘लांबणीवर’ माहीत आहे ना, मग काय काय लांबणीवर पडतं ते सांग. परीक्षा, लग्न, निकाल. बस लांबणीवर पडते का? नाही, बस उशिरा येते. हे ज्या मुलाला सांगता येतं त्याला तो शब्द आला. याला वेळ लागतो, म्हणून थोडेच शब्द घ्यावेत. पण घ्यावेत.

आणि कशासाठी मोजतो आहोत, ते आधी ठरवावं. माझ्या संध्याकाळच्या वर्गात केरळची एक परिचारिका येत असे. वर्तमानपत्रातल्या शब्दांवर घेतलेल्या चाचणीत ती तळाला होती. पण तिला वर्तमानपत्र वाचायचंच नव्हतं. तिला रात्रपाळीत म्हातारी माणसं काय सांगतात ते कळायला हवं होतं. ठणकतंय, चुरचुरतंय, सलतंय, कळ येते, चमक निघते, उसण भरली, मुंग्या आल्या, पेटके येतात, भोवळ आली, गळून गेल्यासारखं वाटतंय, जीव घाबरा होतो. वेदनेचे हे शब्द तिच्यासाठी मराठीतले पहिले शंभर शब्द होते. वर्तमानपत्रांत कोणता शब्द किती वेळा येतो, त्या क्रमाने केलेल्या कुठल्याही यादीत ‘उसण’ दहा हजारांच्या पलीकडे गेला, तरी मला आश्चर्य वाटणार नाही. आम्ही दोघींनी तिच्या वॉर्डची यादी केली, तिच्या चाचण्या त्या यादीवर घेतल्या. सहा महिन्यांनी एका आजींनी तिला विचारलं, “तू कोल्हापूरकडची का गं?”

आमच्या क्षेत्रातले एक ज्येष्ठ शिक्षक मला नेहमी म्हणतात, “शब्द काय गहू-ज्वारी आहेत का, पायलीने मोजायला? भाषा ही वाचून, ऐकून, बोलून येते. तुम्ही मोजायला लागलात की शिक्षक मोजणीपुरतं शिकवणार.” त्यांच्या बोलण्याचा दुसरा भाग मला पूर्ण मान्य आहे. चाचणीचा आकडा प्रगतिपुस्तकावर गेला, की पुढच्या जूनमध्ये अप्पा बळवंत चौकात त्याचं गाइड येणार. म्हणून तो आकडा प्रगतिपुस्तकावर जाताच कामा नये. पण पहिला भाग मान्य नाही. मोजणी आज बंद नाही. ती रोज चालू आहे, शब्दार्थ लिहाच्या रूपात, शिष्यवृत्तीच्या रूपात, ‘याला मराठी येतच नाही’ या शेऱ्याच्या रूपात. जुन्या काळी गावागावाची पायली वेगळी भरायची, आणि बाजारात तोटा व्हायचा तो ज्याच्या हातात माप नसायचं त्याचा. आजही तेच होतं आहे. माप आहेच, फक्त ते कुणी तपासलेलं नाही.

गेली काही वर्षं मराठी येते की नाही, हा प्रश्न दुकानांत, बँकांत, सोसायट्यांच्या सभांत चढ्या आवाजात विचारला जातो. राज्यातल्या सगळ्या शाळांत मराठी सक्तीची करणारा कायदा २०२० साली झाला. २०२४ साली मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. मराठीवर प्रेम असणाऱ्या मला या सगळ्याचा आनंद आहे. पण सक्ती केली, तर निदान इतकं तरी सांगता आलं पाहिजे की इंग्रजी माध्यमातल्या, घरी गुजराती बोलणाऱ्या चौथीतल्या मुलाने किती आणि कोणते शब्द शिकावेत. ते न ठरवता आपण त्याला मराठी माध्यमाचाच धडा जरा छोटा करून देतो. तो पाठ करतो, उत्तीर्ण होतो, आणि रिक्षावाल्या काकांशी हिंदीत बोलतो.

काय करता येईल, ते अवघड नाही. बालभारती पुण्यातच, सेनापती बापट रस्त्यावर आहे. पहिलीपासूनची सगळी पाठ्यपुस्तकं पीडीएफच्या रूपात कुणालाही मोफत मिळतात. त्यांतला प्रत्येक शब्द, मूळ रूपात बांधून, कितव्या इयत्तेत प्रथम येतो आणि किती वेळा येतो हे मोजणं संगणकाला आता जड नाही. याच गावात डेक्कन कॉलेजमध्ये १९४८ पासून संस्कृतच्या ऐतिहासिक कोशासाठी एक कोटीच्या आसपास चिठ्ठ्या हाताने लिहून, खणांत लावून ठेवल्या गेल्या. याच गावातून दाते-कर्वे यांनी १९३२ ते १९३८ या सहा वर्षांत महाराष्ट्र शब्दकोशाचे सात खंड काढले. मोल्सवर्थच्या १८५७ सालच्या साठ हजार शब्दांच्या कोशाचं १९७५ साली झालेलं पुनर्मुद्रणही पुण्याचंच. शब्द जमवण्याचं काम या गावाने मनापासून केलं आहे. जमवलेल्यातले कोणते शब्द रोज लागतात, कुणाला लागतात, कुठे लागतात, हे मोजायचं काम राहिलं आहे.

त्या मोजणीत फक्त पाठ्यपुस्तकं आणि वर्तमानपत्रं नकोत. बाजार समितीतलं बोलणं हवं, एसटी स्टँडवरचं हवं, दवाखान्यातलं हवं, बारामतीचं हवं तसं मावळातलं हवं. यादी सगळ्यांना खुली हवी आणि दर जिल्ह्यातल्या शिक्षकांनी ती तपासून ‘हा शब्द आमच्याकडे आहे’ असं सांगण्याची सोय हवी, म्हणजे पुन्हा कुणी ‘निडवा’ बनावट ठरवणार नाही. त्या यादीवरून चाचणी करावी ती छोटी, शब्द ऐकवून अर्थ विचारणारीसुद्धा, कारण वाचता न येणाऱ्याला शब्द येत नाहीत असं नसतं. आणि चाचणी झाली की निर्णय पुस्तकाबद्दल घ्यावा. या वर्गाला या धड्यातले चाळीस शब्द अनोळखी आहेत, तर आधी हे पंधरा शिकवू, दहा बदलू, उरलेले गोष्टीत लागतील.

हे होईपर्यंत मी माझ्या वर्गापुरतं एक करते. नवीन मजकूर देण्याआधी मुलांना पेन्सिलीने अडलेल्या शब्दांखाली रेघ मारायला सांगते. नावं लिहायची नाहीत. कागद गोळा करून मोजते. गेल्या शनिवारी धरणांवरचा एक पानाचा लेख होता. ‘विसर्ग’ या शब्दाखाली जवळपास सगळ्या कागदांवर रेघ होती. एकाने समासात लिहिलं होतं, “व्याकरणातला?” दोन कागदांवर मात्र त्या शब्दाखाली रेघ नव्हती. पुढच्या शनिवारी ते दोघं कोण, हे विचारून धडा त्यांच्याकडून सुरू करणार आहे.